टीव्हीचा गेम मोड आणि आजीचा दुसरा डोळा

आमच्या आजीच्या उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन जानेवारीत झालं. धामणगाव रेल्वेहून सकाळच्या एसटीनं अमरावतीला नेलं आणि दुसऱ्या दिवशी पट्टी सोडून घरी आणलं. डाव्या डोळ्याचीही तारीख तेव्हाच दिली होती, सहा आठवड्यांनंतरची. घरात पाय ठेवल्याबरोबर आजी भिंतीवरच्या बाबासाहेबांच्या फोटोपुढे उभी राहिली आणि म्हणाली, "काहून रे बाप्पा, हा कोट एवढा निया होता? मले त काळाच वाटे." आम्ही हसलो. घरात सगळ्यांना आनंद झाला होता.

पाचव्या-सहाव्या दिवशी संध्याकाळी आजी टीव्हीपुढे बसली आणि तिथून बिघडलं. "माणसाच्या तोंडाले रंगच नाही. निरं पांढरं-निळं दिसते. डोया चुरचुरते, पाणी येते. डॉक्टरनं बिघडवला माहा डोया." दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी तिनं जाहीर करून टाकलं की दुसरा डोळा ती कापायला देणार नाही, तारीख रद्द करा.

एवढं घरातच राहिलं असतं तरी चाललं असतं. पण बस्तीत गोष्ट घरात राहत नाही. आमच्या लायनीतल्या आणखी दोन बायांना शिबिरात मोतीबिंदू सांगितला होता, त्यांच्याही तारखा ठरल्या होत्या. पाण्याच्या नळावर बोलणं सुरू झालं की हिचा डोळा बिघडला, आपण कशाला जायचं. एकीच्या सुनेनं आम्हाला सरळच विचारलं, "खरं सांगा, आजीले दिसते का नाही?" दिसत होतं. दिवसा आजी अंगणातून रस्त्यापलीकडच्या दुकानाची पाटी वाचायची, येणारा माणूस चालीवरून नाही तर तोंडावरून ओळखायची. त्रास फक्त संध्याकाळी आणि फक्त टीव्हीपुढे.

आम्ही पहिलं काम केलं ते आजीला परत दाखवून आणलं. हे आधी सांगतो, कारण पुढचं वाचून कोणी असं समजू नये की डोळ्याचं दुखणं रिमोटनं बरं होतं. ऑपरेशन झालेल्या डोळ्यात जोरात दुखू लागलं, तो लाल झाला, घाण येऊ लागली, नजर आधीपेक्षा कमी झाली, डोळ्यापुढे पडदा आल्यासारखं किंवा वीज चमकल्यासारखं दिसू लागलं, तर त्याच दिवशी दवाखाना गाठायचा. उद्या-परवा करायचं नाही. आजीला यातलं काहीच नव्हतं. डॉक्टरांनी यंत्रावर डोळा पाहिला, जखम भरत आहे, लेन्स जागेवर आहे, थेंब वेळेवर टाका म्हणाले. टीव्ही पाहू द्यायचा का, असं विचारलं तर म्हणाले, पाहू द्या, त्यानं टाके-लेन्स काही हलत नाही, त्रास झाला की थोडा वेळ डोळे मिटायचे.

मग उरला टीव्ही. खरं कोडं आमच्या घरच्या सुनेनं सोडवलं. शेजारी नामकरणाचा कार्यक्रम होता, तिथे आजी दोन तास बसली आणि तीच रोजची मालिका त्यांच्या टीव्हीवर पाहून आली. डोळ्याला पाणी नाही, चुरचुर नाही. डोळा तोच, मालिका तीच, वेळ तीच. बदलला होता फक्त टीव्ही. घरी येऊन तिनं रिमोट घेतला, सेटिंगमध्ये पिक्चर मोड उघडला, तर तिथे लिहिलेलं: गेम.

नातू कोपऱ्यात गप्प होता. दिवाळीत सोयाबीनचे पैसे आले तेव्हा त्रेचाळीस इंची स्मार्ट टीव्ही हप्त्यावर घेतला आणि पुण्याला कंपनीत असलेल्या मामानं पोरासाठी गेम स्टिक आणली. टीव्हीच्या मागे खोचायची काडी, सोबत दोन बिनवायरचे जॉयस्टिक. बटण दाबलं की गाडी उशिरा वळते म्हणून त्यानं मित्राकडून विचारून गेम मोड लावला होता. खेळून झाल्यावर काडी काढली, त्याच जागी सेट टॉप बॉक्सची वायर खोचली आणि मोड तसाच राहिला. दिवाळीपासून जानेवारीपर्यंत आम्ही सगळे त्याच चित्रावर बातम्या, मालिका, सिनेमे पाहत होतो. आमचंही डोकं रात्री जड व्हायचं, पण ते कापूस वेचणीचा थकवा समजून सोडून दिलं होतं.

पोराची चूक म्हणावी तर तसं नाही. त्याचं म्हणणं बरोबर होतं. आजचा टीव्ही आलेलं चित्र तसंच्या तसं दाखवत नाही. आधी त्यातले ठिपके पुसतो, कडा नीट करतो, हलणारं चित्र गुळगुळीत करण्यासाठी दोन चित्रांमध्ये स्वतःच्या मनानं तिसरं घालतो. या धुण्या-पुसण्याला वेळ लागतो. एका सेकंदाचे हजार भाग केले तर त्यातले शंभरच्या आसपास, कधी जास्तही. मालिका पाहताना ते कळत नाही, कारण आवाजही तेवढाच मागे धरला जातो. पण खेळताना बोट आत्ता दाबलं आणि गाडी नंतर वळली, असं होतं. गेम मोड ही सगळी धुलाई बंद करतो आणि बऱ्याच टीव्हींत हा उशीर हजारातल्या वीसच्याही खाली आणतो. बोटाच्या वेगासाठी केलेली ती सोय आहे. डोळ्याच्या आरामाचा विचार त्यात नसतो.

त्याचे परिणाम मात्र डोळ्याला भोगावे लागतात. बऱ्याच कंपन्या गेम मोडमध्ये मागचा प्रकाश वाढवून ठेवतात, पांढरा रंग निळसर करतात आणि अंधारातला भाग मुद्दाम उजळ करतात, म्हणजे खेळात सावलीत लपलेला शत्रू दिसावा. कडा टोकदार असतात. त्यात आपल्याकडे बहुतेक घरी छतावर फ्री डिशची छत्री. तिच्या बऱ्याच वाहिन्या जुन्या पद्धतीच्या, कमी बारकाव्याच्या असतात. असं एक चित्र ७२० गुणिले ५७६ ठिपक्यांचं, आणि तेच फुल एचडी टीव्हीला १९२० गुणिले १०८० ठिपक्यांवर पसरावं लागतं. ताणलेल्या लुगड्याची वीण दिसते तसे चौकोन आणि दाणे दिसू लागतात. साध्या मोडमध्ये टीव्ही ते झाकतो, गेम मोडमध्ये झाकत नाही. मोठ्या टीव्हीवर चित्र खराब दिसतं म्हणून लोक छत्री हलवत बसतात, मिस्त्रीला बोलावतात. एकदा मोड पाहून घ्यावा.

आता आजीलाच एवढा त्रास का झाला, शेजारच्या तरुण पोरांना का नाही? माणसाच्या डोळ्यातलं भिंग वयानुसार पिवळं पडत जातं, मोतीबिंदूत तर तपकिरी होतं. पिवळ्या काचेतून निळं कमी दिसतं. आजीनं दहा-पंधरा वर्षं जग त्या काचेतून पाहिलं आणि मेंदूला तीच सवय झाली. ऑपरेशनमध्ये ते भिंग काढून स्वच्छ भिंग बसवलं की निळा प्रकाश एकदम आत येतो. म्हणून फोटोतला कोट निळा दिसला, आणि म्हणूनच आधीच निळसर असलेला टीव्ही तिला चुन्यासारखा पांढरा-निळा दिसला. काही आठवड्यांत, कोणाला काही महिन्यांत, मेंदू जुळवून घेतो. डोळा बिघडलेला नसतो. जखम नवी असताना डोळा कोरडाही पडतो, प्रकाश टोचतो. त्यात अंधाऱ्या खोलीत झगझगीत पडदा.

हे दुखणं आजीपुरतं किंवा बस्तीपुरतं नाही. फ्रान्सचा मोठा चित्रकार क्लोद मोने याच्या उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन १९२३ साली झालं, तेव्हा तो ८२ वर्षांचा होता. रंगांवर आयुष्य काढलेला माणूस. ऑपरेशननंतर कधी सारं पिवळं दिसतं, कधी सारं निळं दिसतं म्हणून तो चिडायचा, रंगीत काचांचे चष्मे बदलून पाहायचा. डावा डोळा त्यानं शेवटपर्यंत करू दिला नाही. १९२६ मध्ये तो गेला. त्याच्या काळी डोळ्यात नवं भिंग बसवायची सोयच नव्हती. ती लंडनमध्ये हॅरॉल्ड रिडली या डॉक्टरांनी १९४९ साली पहिल्यांदा केली. मोनेला जाड भिंगाचा चष्मा लावावा लागला, आपल्या आजीला भिंग डोळ्यातच मिळालं. आम्ही ही गोष्ट आजीला सांगितली. "त्या बुढ्याले टीव्ही नव्हता ना?" तिनं विचारलं. नव्हता म्हटलं. "मंग त्याचं खरं होतं," म्हणाली.

मोड कसा बदलायचा ते सांगतो. रिमोट हातात घेऊन हे वाचा.

सगळ्यांत आधी, जे पाहत आहात तेच चालू ठेवा. छत्रीवर मालिका चालू असेल तर ती तशीच चालू ठेवून सेटिंग उघडा. कारण बहुतेक टीव्ही प्रत्येक खाचेचं, म्हणजे एचडीएमआय एक, एचडीएमआय दोन यांचं सेटिंग वेगळं लक्षात ठेवतात. यूट्यूबवर बसून बदल केला तर तो यूट्यूबपुरताच राहील आणि छत्री लावली की पुन्हा तेच दिसेल. आमच्याकडे पहिल्या दिवशी नेमकं हेच झालं आणि सुनेला वाटलं रिमोटच खराब आहे.

गुगल टीव्ही असेल तर वरच्या कोपऱ्यातल्या दातेरी चाकाच्या खुणेवर जाऊन डिस्प्ले अँड साउंड, त्यात पिक्चर, त्यात पिक्चर मोड. नावं थोडी मागेपुढे असतील, पण पिक्चर मोड हा शब्द जवळपास सगळीकडे असतो. तिथे गेम काढून स्टँडर्ड किंवा मूव्ही करा. सॅमसंगमध्ये गोष्ट वेगळी आहे. गेम मोड चालू असताना पिक्चर मोडमध्ये दुसरं काही निवडताच येत नाही, आणि माणूस तिथेच डोकं आपटत बसतो. त्याचं बटण दुसऱ्या जागी असतं. जरा जुन्या टीव्हींत जनरलमध्ये एक्स्टर्नल डिव्हाइस मॅनेजर, त्यात गेम मोड सेटिंग्ज. २०२२ नंतरच्या टीव्हींत ऑल सेटिंग्ज, कनेक्शन, गेम मोड सेटिंग्ज. तिथे ऑन, ऑफ आणि ऑटो असे पर्याय दिसतील. एलजीमध्ये याचं नाव गेम ऑप्टिमायझर आहे, ते पिक्चर मोडच्या यादीतही सापडतं आणि जनरलमध्येही.

ऑटो म्हणजे काय, तेही समजून घ्या. काही खेळाची यंत्रं वायरीतूनच टीव्हीला कळवतात की आता खेळ आहे, मोड बदल. टीव्ही ऐकतो. याला ऑटो लो लेटन्सी मोड म्हणतात. खेळ बंद केला की टीव्हीनं परत साध्या मोडवर यायला हवं, आणि बहुतेक वेळा येतो. पण एखाद्या टीव्हीनं सेट टॉप बॉक्सलाच खेळाचं यंत्र किंवा कॉम्प्युटर समजून घेतलं तर मोड अडकून बसतो. अशा वेळी सोर्सच्या यादीत त्या खाचेचं नाव बदलून सेट टॉप बॉक्स असं करायची सोय बऱ्याच टीव्हींत असते. ते करून पाहा.

आणि तुम्ही बदललेलं सेटिंग थोड्या वेळानं आपोआपच पुन्हा भडक होत असेल, तर टीव्ही दुकानाच्या मोडमध्ये आहे. पहिल्यांदा टीव्ही लावताना तो विचारतो, घरी वापरणार की दुकानात? घाईत दुकान दाबलं जातं. मग दहा टीव्हींच्या रांगेत गिऱ्हाइकाचं लक्ष जावं एवढा प्रकाश तो तुमच्या दहा बाय बाराच्या खोलीत फेकत राहतो आणि ठरावीक वेळानं स्वतःला परत भडक करून घेतो. आमच्या विहाराच्या अभ्यासिकेतला टीव्ही वर्षभर तसाच होता. पोरं त्याच्यावर स्पर्धा परीक्षेचे तास पाहत होती आणि डोकं दुखतं म्हणून अभ्यासाला दोष देत होती. सेटिंगमध्ये यूसेज मोड, रिटेल मोड, स्टोअर मोड असं काही दिसलं तर तिथे होम करा.

मोड बदलल्यावर आणखी तीन गोष्टींना हात लावा. कलर टेम्परेचर वॉर्म करा, म्हणजे पांढऱ्यातला निळेपणा जाईल. शार्पनेस कमी करा. आणि बॅकलाइट खाली आणा. इथे फसगत होते. काही टीव्हींत ब्राइटनेस नावाचं जे बटण आहे ते मागच्या दिव्याचं नसतं, ते काळ्या रंगाचा काळेपणा कमीजास्त करतं. ते खाली ओढलं की चित्र अंधारतं, केस आणि काळी साडी एकच दिसू लागते, पण डोळ्यावरचा झोत तसाच राहतो. बॅकलाइट हा शब्द शोधा. तो कमी केला की विजेचं मीटरही थोडं हळू फिरतं.

मूव्ही मोड लावल्यावर पहिले दोन-तीन दिवस घरातले म्हणतील की चित्र पिवळं पडलं, टीव्ही जुना झाला. आमच्याकडे पहिली तक्रार आजोबांनी केली. आठवड्यानं कोणी नाव काढलं नाही. उलट गेम मोड गेल्यावर चित्र फारच गुळगुळीत, सिनेमाही मालिकेच्या शूटिंगसारखा दिसू लागला, तर मोशन नावाचं सेटिंग कमी करा. ते गेम मोडनं बंद ठेवलेलं असतं आणि मोड काढला की जागं होतं.

नातवाचं काय केलं? गेम स्टिक एचडीएमआय दोनला कायमची लावली आणि तिथे गेम मोड राहू दिला. छत्री एचडीएमआय एकला, तिथे मूव्ही. दोन्हीचं भांडण मिटलं. पोरांना खेळूच देऊ नये, असं आमचं मत नाही. गल्लीत मोकळी जागा नसलेल्या पोरांनी उन्हाळ्याच्या दुपारी, पारा चव्वेचाळीस-पंचेचाळीसला असताना, करायचं काय? पण वेळ ठरवून दिली आहे. लहानग्यांबद्दल मात्र ढिलाई नको. जागतिक आरोग्य संघटनेनं २०१९ मध्ये सांगितलं की वर्षाच्या आतल्या बाळाला पडदा दाखवूच नये आणि दोन ते चार वर्षांच्या मुलाला दिवसाला एका तासापेक्षा जास्त नको, कमी तेवढं बरं. बाळ जेवत नाही म्हणून टीव्हीपुढे घास भरवणं आपल्या घरोघरी चालतं, त्याचा हिशेब आईनंच करावा.

पोरं टीव्हीला नाक लावून बसतात आणि म्हातारी माणसं ओरडतात, डोळे फुटतील. डोळे फुटत नाहीत. पण पोरगं रोजच जवळ सरकत असेल, डोळे बारीक करून पाहत असेल, तर त्याला लांबचं दिसत नसेल, ही शंका घ्या. ओरडण्यापेक्षा नंबर तपासा. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं पथक अंगणवाडीत आणि शाळेत येतं, ते २०१३ पासून सुरू आहे. तपासणीच्या दिवशी पोराला घरी ठेवू नका. शाळेतल्या मुलांना अंधत्व नियंत्रण कार्यक्रमातून चष्मा मोफत मिळतो. आणि पोराला रोज बाहेरच्या उजेडात जाऊ द्या. दूरचं न दिसण्याचा नंबर लागू नये यासाठी दिवसाउजेडी बाहेर राहणं कामी येतं, हे आता पक्कं झालं आहे. तैवाननं २०१० पासून शाळांतून मुलांना रोज १२० मिनिटं बाहेर ठेवायची मोहीम धरली. आपल्याकडे सकाळ-संध्याकाळ तेवढं ऊन फुकट आहे.

बाजारात निळा प्रकाश अडवणारे चष्मे विकतात. आमच्याही दारी एकजण आला होता, आजीचं नाव ऐकूनच. घेऊ नका. २०२३ मध्ये कॉक्रेन या संस्थेनं तोवरचे प्रयोग एकत्र तपासले, आणि पडद्यापुढे काम करताना डोळ्यांना येणाऱ्या थकव्यात या काचांनी बहुधा काही फरक पडत नाही, असा निष्कर्ष काढला. पडद्याचा निळा प्रकाश उन्हाच्या मानानं फारच थोडा असतो. त्यानं डोळा जळत नाही. झोप मात्र लांबते, म्हणून झोपायच्या तासभर आधी टीव्ही बंद. डोळे चुरचुरतात त्याचं मोठं कारण म्हणजे आपण टक लावतो आणि पापणी हलवायला विसरतो. एरवी मिनिटाला पंधरा-वीस वेळा पापणी मिटते, पडद्यापुढे ती निम्म्याहूनही कमी वेळा मिटू शकते. डोळा कोरडा पडतो. आपल्याकडे टीव्ही उंच लावतात, दाराच्या चौकटीच्या वर, पोरांचा हात पुरू नये म्हणून, आणि माणसं बसतात खाली चटईवर. मान वर, डोळे ताणून उघडे, म्हणजे कोरडेपणा आणखी वाढतो. आम्ही टीव्ही दीड हात खाली घेतला. खोलीतला दिवा मालवायची सवयही सोडली. टीव्हीच्या मागच्या भिंतीवर छोटा बल्ब लावून ठेवतो.

खेळाच्या पडद्याबद्दल आणखी एक सांगायलाच हवं. काही मुलांना भराभर लुकलुकणाऱ्या प्रकाशानं फिट येते. अशी मुलं थोडी असतात, पण असतात. १६ डिसेंबर १९९७ ला जपानमध्ये पोकेमॉन या कार्टूनच्या एका भागात लाल-निळा प्रकाश भराभर लखलखला आणि देशभरात साडेसहाशेहून जास्त मुलांना दवाखान्यात न्यावं लागलं. बहुतेक लवकर बरी झाली. जवळ बसणं, अंधारी खोली, भडक पडदा आणि जागरण, यांनी धोका वाढतो. खेळताना पोराचा हात-पाय झटकू लागला, एकटक बघत राहिलं, तर पडदा बंद करा. फिट आलीच तर कुशीवर वळवा, डोक्याखाली मऊ काही द्या, तोंडात चमचा-बोट घालू नका. कांदा, चप्पल नाकाला लावू नका, त्याचा काही उपयोग नाही. बाहेरचं काही नसतं, मेंदूचा आजार आहे आणि त्याला औषध आहे. पाच मिनिटांत थांबली नाही तर १०८ ला फोन करा. पहिलीच फिट असेल तर थांबली तरी डॉक्टरला दाखवा.

आजीचं सांगायचं राहिलं. मोड बदलला त्या संध्याकाळी आम्ही तिला काहीच बोललो नाही. मालिका लावली. अर्ध्या तासानं ती म्हणाली, "आज हिच्या तोंडाले हळद लावल्यावाणी रंग आला." डोळ्याला पाणी आलं नाही असं नाही, थोडं आलं, थेंब टाकायची वेळ झाली होती. दुसऱ्या दिवशी तिनं स्वतः रिमोट मागितला आणि नातवाकडून दोन्ही मोड आळीपाळीनं लावून पाहिले, चार-पाच वेळा. मग नळावर जाऊन तिनंच सांगितलं की डोळा चांगला हाय, टीव्हीच खराब लावला होता पोट्ट्यानं. पोट्टा अजून रागात आहे.

डावा डोळा ठरल्या तारखेला झाला. शेजारच्या दोघींपैकी एक त्याच एसटीनं सोबत गेली. दुसरीची साखर वाढलेली निघाली, ती खाली आली की तिची तारीख लागेल. तिच्या घरचा टीव्हीही सुनेनं जाऊन पाहून ठेवला आहे. तो दुकानाच्या मोडमध्ये होता.